पट्टीखालचं नाव

पेणहून रोह्याला जाणारी पॅसेंजर कासू स्टेशनच्या पुढे गेली की मला हमखास डुलकी लागते. झोप म्हणावी तर खिडकीबाहेरची खाचरं दिसत असतात, आणि जाग म्हणावी तर त्या खाचरांच्या बांधावरून माझ्या लहानपणीची माणसं चालत असतात. मांडीवर पिशवी, पिशवीत एक जाडजूड वही, आणि वहीखाली वर्तमानपत्रात गुंडाळलेलं पुस्तक. हे पुस्तक मी बारा वर्षांची असताना चोरलं होतं. गेली दोन वर्षं, गणपतीचा सीझन सोडला तर, मी ते दर बुधवारी रोह्याला नेत होते आणि दर बुधवारी पेणला परत आणत होते.

वही काकांची. काका म्हणजे रोह्यात आमच्या आळीपासून हाकेच्या अंतरावर असलेल्या वाचनालयाचे ग्रंथपाल. माझं माहेर रोह्याचं. शाळा सुटली की मी घरी न जाता थेट तिथे जायची, आणि थेट रहस्यकथांच्या कपाटापाशी. बाकीचे वाचक त्या कपाटाकडे जरा लाजतच जायचे, चोरून भजी खायला जावं तसे. काकांना मात्र त्यात कमीपणा वाटत नसे. कपाटातल्या प्रत्येक पुस्तकाला त्यांनी या वहीत एक पान दिलं होतं. खून कुठे झाला, कशाने झाला, संशयित किती, पुरावे कुठल्या प्रकरणात पेरले आहेत, असं सगळं टाकाने लिहिलेलं. खाली त्यांचा शेरा. ‘आतून कडी लावलेल्या खोलीचा उलगडा नीट. लेखक प्रामाणिक.’ किंवा, ‘शेवटी जुळा भाऊ आणला. लाज वाटायला हवी होती.’ वाचकाला फसवलं तर चालेल, पण वाचकाशी खोटं बोलायचं नाही, हा त्यांचा एकच नियम. पुढे कॉलेजात समीक्षेची मोठमोठी पुस्तकं वाचली, पण इतकं सरळ सांगणारं त्यांत कोणी भेटलं नाही.

पानाच्या तळाशी खुन्याचं नाव असे, आणि त्यावर कागदाची पट्टी. वरच्या कडेला भाताचं एक शीत लावून चिकटवलेली. ज्याला बघायचं त्याने पट्टी उचलून बघावं. मी एकदा विचारलं होतं, झाकायचंच तर लिहायचं कशाला? काका म्हणाले, गणपती घरी आणताना तोंडावर रुमाल का टाकतात? तोंड तर असतंच ना खाली? वेळ झाली की काढायचा. मला ते त्या वयातही लगेच पटलं.

चोरी अशी झाली. एक पुस्तक बांधणीला जाणार म्हणून काकांनी बाजूला काढून ठेवलं होतं. घरी न्यायला मिळणार नव्हतं, म्हणून मी ते तिथेच टेबलाशी बसून वाचत होते. शेवटचं प्रकरण उरलं आणि काका खिडक्या लावायला उठले. त्यांची पाठ वळल्यावर मी पुस्तक दप्तरात घातलं. उद्या आणून ठेवू, असं अगदी मनापासून ठरवलं होतं. दुसऱ्या दिवशी त्यांनी मला नेहमीसारखं ‘ये पोरी’ म्हटलं, आणि त्या दोन शब्दांनी माझी हिंमतच गेली. मग परवा, मग पुढच्या आठवड्यात, असं करता करता लग्न झालं आणि ट्रंकेत साड्यांच्या खाली ते पुस्तक पेणला आलं.

त्या पुस्तकाचं शेवटचं प्रकरण मी आजवर वाचलेलं नाही. लोकांना खोटं वाटेल. पण तेव्हा मी मनाशी एक सोयीचा कायदा केला होता, की पुस्तक वाचून संपत नाही तोवर ते चोरलेलं नसतं, वाचायला नेलेलं असतं. बाई पन्नाशी ओलांडून गेली तरी कायदा तसाच राहिला.

पेणला मी मूर्तींचे डोळे आखते. सासरचा कारखाना आहे. साचा, घासकाम, रंग, दागिने सगळं इतरांकडून होऊन शेवटी मूर्ती माझ्यापुढे येते. आखणीला बसलं की जगाचा आवाज कमी होतो. करंगळी मूर्तीच्या गालावर टेकवायची, श्वास धरायचा, पापणीची रेघ ओढायची. शंभर मूर्ती झाल्या की आपण कोणाकडे बघतोय आणि आपल्याकडे कोण बघतंय याचा घोटाळा व्हायला लागतो. तसल्या तंद्रीत मला काकांची वही फार आठवायची. कारण रहस्यकथेतही सगळं काम आधी झालेलं असतं, आणि जीव शेवटच्या रेघेने येतो.

दोन वर्षांपूर्वी कळलं की वाचनालयाने ते कपाट रिकामं केलं. पुस्तकं फाटली होती, वाचायला कोणी येत नव्हतं, रद्दीत गेली. मी संतापाने तडक स्टेशन गाठलं. कोणाशी भांडणार होते देव जाणे. काका पंचाऐंशीच्या घरात, ओटीवर बसलेले, आणि वही त्यांच्या मांडीवर. त्यांनी मान वर केली आणि म्हणाले, “ये पोरी.”

मी चोरीची कबुली द्यायला गेले होते, आणि दिलं भलतंच वचन. म्हटलं, काका, या वहीचा आपण कोश करू. तुमचे शेरे, तुमचे पुरावे, सगळं मी टाइप करते. मूळ पुस्तकं गेली, आता एवढंच उरलंय. ते हो म्हणाले. तेव्हापासून दर बुधवारी मी जायची, पानं वाचून दाखवायची, ते जागेवर दुरुस्ती सांगायचे. वही माझ्यासोबत पेणला यायची. पट्ट्यांखालची नावं मात्र सगळ्यात शेवटी टाइप करायची, असं ठरलं होतं.

पहिल्याच आठवड्यात मला माझं पान सापडलं. म्हणजे मी चोरलेल्या पुस्तकाचं. त्यावर इतर पानांसारखी एक पट्टी होतीच. त्या पट्टीच्याही खालच्या मोकळ्या जागेत तांबड्या शाईत लिहिलं होतं, ‘प्रत गहाळ’, आणि त्याखाली दुसरी पट्टी. वहीतल्या रिवाजाप्रमाणे पट्टीखाली गुन्हेगाराचं नाव असतं. मी ते पान पटकन उलटलं. एवढी वर्षं त्यांना ठाऊक होतं, आणि एवढी वर्षं ते मला पोरी म्हणत आले.

मग माझ्या हातून ती चूक झाली. जुनी शितं सुकून बऱ्याच पट्ट्या सुटायला आल्या होत्या. उन्हाळ्याच्या शेवटी, सीझनची धांदल सुरू व्हायच्या आत मी त्या सगळ्या पुन्हा चिकटवल्या. शीत कशाला, आमच्या कारखान्यात खळीचं पातेलं कायम तयार असतं. कागदाच्या लगद्याला वापरतो तीच, मैद्याची, घट्ट. वरच्या कडेलाच लावायची सोडून मी हौसेने चारही बाजूंनी थापली. म्हणतात ना, अति शहाणा त्याचा बैल रिकामा. कीड लागू नये म्हणून खळीत मोरचूद घालतात, ते घालायचं विसरले, आणि वही कपाटात ठेवून आखणीला बसले. चार महिने मान वर केली नाही. रोह्याला फोनसुद्धा नाही.

गणपती गेल्यावर वही उघडली तेव्हा पट्ट्यांच्या जागी जाळी झाली होती. खळ ओलसर राहिली होती, कसरीने ती खाल्ली, आणि खळीबरोबर खालचं नाव. बाकी पानं शाबूत. खून शाबूत, पुरावे शाबूत, शेरे शाबूत. फक्त खुनी तेवढे नाहीसे झाले होते. मी कारखान्यात सगळ्यांसमोर रडले. ‘प्रत गहाळ’च्या खालची पट्टी मात्र जशीच्या तशी होती, कारण तिला हात लावायची माझी छातीच झाली नव्हती.

काकांना विचारून नावं परत भरून घेऊ, असं मनाला समजावत गेले. त्यांची सून दारातच भेटली. ती खाडीकडच्या गावातली, बोलायला मोकळी. तिने मला बाजूला घेऊन सांगितलं की या चार महिन्यांत काकांचं विसरणं वाढलंय. “जेवलो का ते इचारतात. पण वाचाया बसले का बरे हायत. आलाव ते बरा झाला, ताई.”

काकांना एकही खुनी आठवत नव्हता. मला वाटलं होतं ते दुखावतील. ते जाळी झालेल्या पानावर बोट फिरवत बसले आणि हळूहळू त्यांचा चेहरा उजळला. पुरावे आहेत ना, म्हणाले, मग काढू शोधून. त्यानंतरचे बुधवार माझ्या आयुष्यातले सगळ्यात सुंदर बुधवार. ओटीवर दुपारचं ऊन तिरपं व्हायचं, कुंडलिका नदीकडून वारा यायचा, आणि आम्ही दोघं काकांनीच चाळीस वर्षांपूर्वी टिपलेल्या पुराव्यांवरून खुनी ठरवत असू. एका कथेतली विधवा मावशी खिडकी बंद होती म्हणाली, पण पडदा तर ओला होता. म्हणजे मावशीच. ते खरं होतं की नाही हे सांगणारं पुस्तक आता जगात आहे की नाही कोण जाणे. मला आधी त्याचा राग यायचा, कोश म्हणजे खरं लिहायला हवं. मग रागही विरत गेला. मी प्रत्येक नावापुढे ‘तर्काने’ असं लिहू लागले.

पण घरी परतताना गाडीत दर वेळी एकच गोष्ट मनात यायची. काकांच्या आठवणीतून एकेक नाव पुसलं जात होतं. ज्या दिवशी माझं जाईल, त्या दिवसानंतर मी पुस्तक कोणाला परत करणार होते? तरी पिशवीतून ते बाहेर निघत नव्हतं. पुढच्या बुधवारी, पुढच्या बुधवारी.

आणि एका बुधवारी काकांनी मान वर केली आणि ‘या, बसा’ म्हणाले.

मी बसले. ते माझ्याकडे बराच वेळ निरखून बघत होते, डोळ्यांत भीती नव्हती, जुनी हुशारी होती. “थांबा, सांगू नका,” ते म्हणाले. “करंगळीच्या कडेला काळा रंग आहे. म्हणजे ती टेकवून बारीक काम करता. मूर्तींचे डोळे. पेणच्या तुम्ही.” मी मान हलवली. “चपला न विचारता मोरीपाशी काढल्यात. म्हणजे इथे नेहमी येता.” मग त्यांचे हात मांडीवर थांबले. “पण माझ्या कोण, ते जुळत नाही. एक पुरावा कमी पडतोय.”

मी पिशवीतून पुस्तक काढलं. वर्तमानपत्र सोडवलं. वाचनालयाचा शिक्का अजून निळा होता. वही उघडून त्यांच्यापुढे ठेवली आणि ‘प्रत गहाळ’वर बोट ठेवलं. काकांनी पट्टीकडे बघितलं, माझ्याकडे बघितलं, आणि नखाने ती अलगद उचलली. शीत सुटताना बारीकसा आवाज झाला.

खाली नाव नव्हतं. त्यांचंच अक्षर होतं, आणि त्यांनीच ते मोठ्याने वाचलं. “लहान मुलगी आहे. आणून देईल. विचारायचं नाही.”

मला रडू आवरेना. सून आतून पाणी घेऊन आली आणि माझ्या पाठीवर हात ठेवून उभी राहिली. काका मात्र त्या तीन वाक्यांवर दुसऱ्या कुणाचं लिखाण तपासावं तसा विचार करत होते. मग त्यांनी विचारलं, आणून दिलं का तिने? मी म्हटलं, आत्ताच दिलं, उशीर झाला तिला फार. ते म्हणाले की देतात मुलं, वेळ लागतो.

मग त्यांनी पुस्तक हातात घेतलं, उलटसुलट करून पाहिलं, पहिलं पान काढलं. वाचता वाचता खाली सरकलेला चष्मा वर केला. दोन पानं झाल्यावर त्यांना काहीतरी आठवलं, बोट पानात ठेवून ते माझ्याकडे वळले. वाचनालयाच्या टेबलापलीकडे मी उभी असायची, तशा अदबीने त्यांनी मला विचारलं, “घरी न्यायला मिळेल का हे? किती दिवस ठेवता येतं?”

“वाचून संपेपर्यंत,” मी म्हणाले.