शास्त्रात बसणारा रंग

शेजारचे गृहस्थ कॉलेजच्या प्रयोगशाळेत कामाला होते. बोलायला लागले की आधी "शास्त्र सांगतं" हे यायचंच. मसाल्याच्या दगडफुलातलं लेकॅनोरिक आम्ल अमोनियात मुरवून ते जांभळा रंग काढत, आणि आम्ही इंदिरानगरातले सुसंस्कृत लोक नाकाला रुमाल लावत असू. एकदा त्यांनी विधवा बहिणीचं पांढरं रेशमी पातळ त्यात बुडवलं. ती ते नेसून अंगणात आली.

धर्मरक्षण अर्थात माझ्याकडे. "अहो, विधवेला जांभळं? शास्त्रात बसत नाही!"

"तुमच्या नसेल बसत. रसायनशास्त्रात बसतं."

उन्हाळाभरात तो रंग उन्हानं विटला. खोटं कशाला सांगू, मला बरं वाटलं.

मग एका सकाळी पुन्हा अमोनियाचा वास आला. या वेळी पातळ बहीणच बुडवत होती.