एका दिवसाने धाकटे

शहाण्याने कोर्टाची पायरी चढू नये, हे तारीखवाले जमादार चौकीत भांडत येणाऱ्या प्रत्येकाला ऐकवायचे. आणि स्वतः? महिन्याआड रजा टाकून, फाइल काखोटीला मारून हे निघालेच कोर्टात. तेवीस वर्षं. नाव काय उगाच पडलं होतं?

भांडण होतं एका दिवसाचं. भरती झाल्यावर ते आणि त्यांचा जिवलग दोस्त लंबू एकाच सायकलवर डबलसीट प्रशिक्षण केंद्रात पोहोचले. फाटकावरच्या ड्रिल उस्तादाने सगळ्या पोरांच्या ट्रंका एका जागी रचायला लावल्या आणि यांच्याकडे बोट केलं, तू थांब, लक्ष ठेव. हे थांबले. बाकीचे आत जाऊन रुजू झाले, रजिस्टरात सह्या झाल्या. यांची आठवण झाली तोवर कारकून कपाटाला कुलूप घालून घरी गेला होता. यांची नोंद पडली दुसऱ्या दिवशीची. तेव्हा कुणाला काय त्याचं? पण पोलिसात मोठेपण वयावरून नाही ठरत, रुजू झाल्याच्या तारखेवरून ठरतं. पुढे फौजदारकीच्या जागा निघाल्या तेव्हा यादी नेमकी यांच्या डोक्यावर येऊन थांबली. शेवटची जागा लंबूला मिळाली.

केस टाक, असं लंबूनेच तर सांगितलं. तुझा हक्क आहे, मी साक्ष देईन, म्हणाला. यादीत वर बसलेल्या सगळ्यांना प्रतिवादी करावं लागतं, म्हणजे त्यालाही, हे कळल्यावर तर तो पोट धरून हसला होता. इथवर सगळं ठीक होतं हो. पण वकिलाने सवयीप्रमाणे सहाव्या पानावर एक वाक्य ठोकून दिलं, की सदर प्रतिवादीने कारकुनाशी संगनमत करून अर्जदारास जाणूनबुजून बाहेर ठेवले. जमादारांनी न वाचता सही केली. आता याला काय म्हणावं! जन्मभर लोकांचे जबाब लिहून, वाचायचंय काय त्यात, कर सही, म्हणून दामटणारा हा माणूस. स्वतःच्या कागदालाही त्याने तोच न्याय लावला.

लंबूने मात्र नोटीस अक्षरन् अक्षर वाचली. जमादार धावत गेले, वकिलाचा आगाऊपणा म्हणाले, शपथा घेतल्या. लंबूने ऐकून घेतलं आणि एवढंच विचारलं, "सही कुणाची आहे?"

त्यानंतर तो बोलायचाच बंद झाला. बाकीचेही हळूहळू कप उचलून पलीकडच्या टेबलावर गेले. नोटीस प्रत्येकाच्या घरी गेली होती ना! जमादार एकटेच डबा उघडायचे, एकटेच धुवायचे. बायको म्हणायची, केस काढून घ्या, माणसं तरी परत येतील. पण सुंभ जळेल, पीळ कसा जाईल? हक्काचं आहे, का सोडू, म्हणायचे. ती वारली तेव्हा लंबू आला, गर्दीत मागे उभा राहिला आणि तसाच निघून गेला. त्या दिवशी जमादारांना बायकोइतकंच त्याच्यासाठीही रडू आलं.

दोघं निवृत्त झाले आणि मग कुठे साक्षीला तारीख लागली. लंबूच्या वकिलाने त्याला पढवलं होतं, आठवत नाही म्हणा. लंबू पिंजऱ्यात ताठ उभा राहिला आणि म्हणाला, हा त्याच दिवशी माझ्याबरोबर आला होता, बाहेर सामान राखत होता. केस तिथेच जिंकली गेली. तारीख एकच ठरली की वय बघतात, आणि वयाने जमादार थोरले; तेव्हा ते कागदोपत्री फौजदार झाले, लंबूच्याही वरचे. वरातीमागून घोडं, दुसरं काय!

निकाल हातात पडल्यावर तो दाखवायला घरात कुणी नव्हतं. जमादार तसेच लंबूकडे निघाले. हुद्दा मिळाला होता, आता फक्त दोस्त परत हवा होता. चुकलो रे, एवढंच म्हणायचं, असं वाटभर घोकत गेले.

लंबूने दार उघडलं, यांना पाहिलं आणि शर्टाची वरची बटणं लावली.

"या साहेब, बसा."

"साहेब काय म्हणतोस मला?"

"यादीत तुम्ही वर आहात. खरं होतं ते मी सांगितलं, माझ्यापुरतं संपलं." आवाजात राग नव्हता. राग असता तर किती बरं झालं असतं! त्याने पाणी आणून दिलं आणि आपण उभाच राहिला.

वाटभर घोकलेलं जमादारांना आठवत होतं. पण अहो-जाहो करणाऱ्या माणसाला चुकलो रे कसं म्हणायचं? पाणी संपवून ते उठले. लंबू त्यांना रस्त्यापर्यंत सोडायला आला, शिस्तीत, एक पाऊल मागे राहून.