नान्तोंगोच्या सिनेमातली शांतता

नान्तोंगो आमच्या गावातल्या लग्नांचं शूटिंग करायची. मोगोचे कंद तळून विकणाऱ्या बाईची ही मुलगी. तिने स्वतःचा पहिला सिनेमा काढला तो वीटभट्टीच्या खड्ड्यांवर. माती काढून झाली की खड्डे तसेच सोडतात, ते पावसाने भरतात आणि एखादं पोर त्यात बुडून जातं. ठाऊक सगळ्यांना, पण बोलणार कोण? भट्ट्या कासुम्बाच्या.

रविवारी चर्च सुटल्यावर व्हिडिओ हॉलमध्ये तो सिनेमा लागला. आमच्याकडे सिनेमा नुसता बघत नाहीत. पडद्याशेजारी जुंजू माईक घेऊन बसतो आणि सगळी गोष्ट तोच सांगतो, पदरचं घालून, हसवून हसवून.

"जुंजूदादा, मध्ये शांतता मुद्दाम ठेवलीय. तिथे बोलू नका," नान्तोंगोने विनवलं.

"अगं, मी गप्प बसलो तर लोक म्हणतील माईक बिघडला!"

तेवढ्यात कासुम्बा येऊन माझ्या पुढच्याच बाकावर बसला. "हसव हं लोकांना, जुंजू. तुझा भाऊ माझ्याच भट्टीवर आहे." एवढंच म्हणाला. जुंजूचा चेहरा उतरला. मी मनात देवाचं नाव घ्यायला लागले.

सिनेमा सुरू झाला. जुंजू मजुरांच्या चालण्याची नक्कल करी, लोक खिदळत. नान्तोंगो सिनेमाच्या यंत्रापाशी ओठ चावत उभी. मग पडद्यावर नुसतं पाणी आलं. हिरवं, स्थिर. आवाज नाही. कासुम्बाने मान वळवून जुंजूकडे पाहिलं.

"पोरगं शाळा चुकवून पोहायला गेलं वाटतं!" जुंजू म्हणाला.

दोघं-तिघं हसले. मागून मुबिरूची आई उठली. मुबिरू गेल्या वर्षी त्याच खड्ड्यात गेला होता.

"माझा मुबिरू पोहायला गेला होता? तूच काढलास ना त्याला बाहेर? काय होतं रे त्याच्या हातात?"

माईकमधून त्याचा श्वास सगळ्या हॉलला ऐकू येत होता.

"सांग ना! एरवी तोंड बंद होत नाही तुझं."

"साचा," तो म्हणाला. "विटांचा साचा होता. कामावर होता तो, बाई."

कासुम्बा ताडकन उठला. "बंद करा हा तमाशा!" दारातल्या त्याच्या माणसाने जनरेटरची वायर उपटली. पडदा काळा झाला. खिडक्यांना पोती लावलेली, आत अंधार. कासुम्बा बाहेर गेला. आता लोकही उठतील, असं मला वाटलं. एक बाक सरकला.

"बसा," जुंजूचा आवाज आला, माईकशिवाय. "नान्तोंगो, पुढे काय आहे गं?"

बोलून दाखवायला लागू नये म्हणून तर तिने तो सिनेमा तसा केला होता.

"पाणीच आहे," शेवटी ती म्हणाली. "बराच वेळ पाणीच. मग काठावर एक बाई येते..."

सरकलेला बाक पुन्हा जागेवर आला.