सुभेदारांनी हळू केलेलं मशीन

सुभेदार कीबोर्डवरचं कुठलंही बटण न बोलता दाबत नसत. "आता एन्टर मारतोय," असं मोठ्यानं म्हणायचे, क्षणभर थांबायचे आणि मग मारायचे. खोलीत कुणी नसलं तरी हा रिवाज चुकायचा नाही. पहिल्यांदा ऐकलं तेव्हा मला वाटलं, उतारवयात शिकलेत, बिचारे घाबरत असतील. पण सैन्यात अठ्ठावीस वर्षं त्यांनी टेलिफोनचं एक्स्चेंज सांभाळलं होतं. "तितं एक पिन चुकीच्या भोकात गेली की हुकूम भलत्याच पोस्टला जायचा, मॅडम," ते म्हणाले. "म्हून आदी बोलायचं, मग दाबायचं. आपलं चुकत आसंल तर शेजारचा तरी सांगंल."

लोणंदला कांद्याच्या बाजाराकडं जाणाऱ्या रस्त्यावर, खताच्या दुकानाच्या माडीवर त्यांचा कॉम्प्युटर क्लास होता. मी मूळची सांगलीची. लग्न होऊन लोणंदला आले तेव्हा कॉम्प्युटरची पदविका पदरात होती आणि घरात बसून वेड लागायची पाळी आली होती, म्हणून मी त्यांच्याकडं शिकवायला लागले. माझा स्वभाव त्यांच्या नेमका उलटा. माझी बोटं डोक्याच्या पुढं पळायची. पडद्यावरची सूचना पुरती वाचायच्या आत मी 'हो' म्हणून मोकळी झालेली असायची. सुभेदार बघायचे आणि त्यांच्या मिशा थोड्या हलायच्या.

दुसरी गोष्ट म्हणजे त्यांचं रजिस्टर. लाल कापडी पाठीचं ते जाडजूड रजिस्टर दाराजवळच्या टेबलावर असे. कुठल्या मशीनला काय झालं, त्यावर काय काय करून पाहिलं, ते सगळं त्यात ओळीनं लिहायचं आणि शेवटी दोनपैकी एकच शब्द लिहायचा, 'जमलं' किंवा 'न्हाई'. मी एकदा 'प्रयत्न चालू आहेत' असं लिहिलं, तर त्यांनी ते खोडायला लावलं. "प्रयत्न तर चालूच आसत्यात की. रिपोर्ट काय ते सांगा." त्या रजिस्टरात फक्त क्लासचं काम लिहायचं असा त्यांचा दंडक होता. घरच्या कामासाठी त्यातला अर्धा कागदसुद्धा ते वापरत नसत.

शिकवायची त्यांची पद्धत मला सुरुवातीला मुळीच पटली नाही. बारा जणांच्या बॅचमध्ये अकरा जणांना एखादी गोष्ट आली तरी बाराव्याला येईपर्यंत ते पुढं जात नसत. पोरं कंटाळायची, मी तर चडफडायचेच. सुभेदार माण तालुक्यातल्या मेंढपाळाच्या घरातले. सैन्यात जाईपर्यंत त्यांनी वडिलांबरोबर मेंढरं वळली होती. एकदा माझी कुरकुर ऐकून म्हणाले, "कळप हाकताना म्होरल्या मेंढराकडं बघायचं न्हाई, मॅडम. त्ये कसंबी जातंय. सगळ्यात मागं जे लंगडत येतंय, त्याच्या चालीनं आपण चालायचं. न्हाईतर मुक्कामाला पोचल्यावर मोजताना एक कमी भरतंय."

काकींची गोष्ट इथूनच सुरू होते. काकी म्हणजे सुभेदारांच्या पत्नी, हौसाबाई. मी क्लासमध्ये यायच्या वर्षभर आधी त्यांना अर्धांगाचा झटका आला होता. पाय सावरला, वाचाही परत आली, पण उजवा हात मागं राहिला. त्यांना पुन्हा सगळं करायची हौस होती, असं नाही. भाकरी सून थापायची, त्याचं त्यांना काही वाटत नव्हतं. त्यांना फक्त सही करायची होती. लग्न होऊन आल्या तेव्हा त्या निरक्षर होत्या आणि सुभेदारांची पत्रं पोस्टमन वाचून दाखवायचा. नवऱ्यानं आपल्याला काय लिहिलंय हे साऱ्या आळीला आपल्याआधी कळतं, याचा त्यांना इतका संताप आला, की शाळेतल्या बाईंच्या घरी जाऊन त्या लिहा-वाचायला शिकल्या. पहिलं पत्र त्यांनी स्वतः लिहिलं आणि खाली झोकात सही केली, 'सौ. हौसाबाई'. सुभेदारांनी ते पत्र ट्रंकेत जपून ठेवलं होतं. झटक्यानंतर एका कचेरीत कारकुनानं त्यांचा अंगठा धरून शाईच्या पॅडवर दाबला. घरी येऊन काकींनी तो अंगठा दगडानं घासघासून लाल केला आणि म्हणाल्या, "माजा अंगठा लावायचा तर मी मेल्यावर लावा."

मिरजेच्या डॉक्टरांनी सांगितलं, बोटं हलती ठेवा. रबरी चेंडू दाबून काकी चार दिवसांत कंटाळल्या. मग सुभेदारांनी त्यांना क्लासमध्ये आणून खिडकीजवळच्या जुन्या काळ्या पडद्याच्या मशीनपुढं बसवलं. त्या मशीनबरोबर मोठ्या फ्लॉपीवर एक गेम आला होता. वरून फळं पडायची आणि खाली टोपली डावी-उजवी सरकवून ती झेलायची, एवढंच. आम्ही त्याला टोपलीचा गेम म्हणायचो. रोज सकाळी अकराला काकी यायच्या, दारात चप्पल काढून उजव्या हाताची दोन बोटं बाणांच्या बटणांवर ठेवायच्या आणि अर्धा तास खेळायच्या. बोटं मोकळी झाली की तिथंच पाटी घेऊन 'ह' गिरवायच्या. पहिले सहा महिने तो 'ह' नुसता गुंता दिसायचा. नंतर नंतर तो ओळखू यायला लागला.

आणि नेमकं तेव्हाच ते मशीन मेलं. दुरुस्तीवाल्यानं उघडून बघितलं आणि याचे भाग आता कुठंच मिळणार नाहीत म्हणाला. तोवर क्लासमध्ये विंडोज पंच्याण्णव घातलेली नवी मशीनं आलीच होती. पण त्यांना छोटी फ्लॉपी लागायची आणि टोपलीचा गेम होता मोठ्या फ्लॉपीवर. मी ज्या क्लासमध्ये शिकले, तिथं सांगलीला दोन्ही फ्लॉपी चालणारं एक मशीन होतं. मी माहेरी निघाले होते, म्हटलं, माझ्याकडं द्या. पण सुभेदारांना ती फ्लॉपी दुसऱ्याच्या हाती द्यायचा धीर होईना. ते स्वतः आले. फ्लॉपी धुतल्या रुमालात, रुमाल डब्यात आणि डबा लोणंदपासून सांगलीपर्यंत मांडीवर. शेजारच्या माणसाला वाटलं, जेवण आहे. कराडच्या पुढं त्याला राहवेना. "आवं, खाऊन तरी घ्या की, कवाधरनं धरून बसलाय," तो म्हणाला. सुभेदार गंभीरपणे म्हणाले, "ह्ये मालकिणीचं हाय."

गेम छोट्या फ्लॉपीवर उतरून आला, तरी चालेना. कधी मेमरी पुरत नाही म्हणायचा, कधी पडदा काळा पडून मशीन गप्प व्हायचं. दुपारी दोन बॅचच्या मधल्या वेळात सुभेदार बसायचे. रजिस्टर मिटलेलं, कारण हे घरचं काम. मी बाजूला बसून सुचवायचे, ते बोलायचे आणि दाबायचे. शेवटी विंडोज बाजूला ठेवून त्याच्या आधीच्या जुन्या, नुसत्या डॉसमध्ये मशीन चालू केलं, तेव्हा टोपली दिसली. मी टाळ्या वाजवल्या. पण ते बघतच राहिले. फळं पडत नव्हती, कोसळत होती. जुन्या मशीनच्या वेगाला बेतलेला तो गेम नव्या मशीनच्या वेगानं पळत होता. बोट हलायच्या आत डाव संपायचा. माझीसुद्धा टोपली रिकामी राहिली, काकींच्या हाताचं काय घेऊन बसलात. त्यांनी विचारलं तेव्हा सुभेदार एवढंच म्हणाले, "मशीनला जरा घाई झालीया. थांब चार दिस."

पुढचा आठवडा मी बहिणीच्या लग्नासाठी सांगलीला होते. परत आले तर खिडकीजवळ ठेवलेल्या नव्या मशीनवर काकी खेळत होत्या आणि फळं पूर्वीसारखी सावकाश उतरत होती. मी विचारलं, कसं केलंत? "जमलं," सुभेदार म्हणाले आणि विषय संपला. कुठून तरी एखादा प्रोग्राम मिळाला असेल असं मला वाटलं. खोदून विचारायला हवं होतं, पण तेवढा धीर माझ्यात कुठला?

काकींचा 'ह' आता उभा राहिला होता, 'सा'पर्यंत मजल गेली होती. अशात एक दिवस पेन्शनच्या कामासाठी सुभेदार पहाटेच्या गाडीनं साताऱ्याला गेले. मी दहाला आले, तर खिडकीजवळचं मशीन गोगलगाईसारखं चाललेलं. एक पान उघडायला चहा पिऊन व्हावा. रजिस्टर बघितलं, त्यात काहीच नोंद नव्हती. मी मशीन पुन्हा चालू केलं, डिलीटचं बटण दाबून मशीनच्या आतल्या सेटिंगच्या निळ्या पडद्यावर गेले आणि सगळ्या गोष्टी होत्या तशा मूळपदावर आणून टाकल्या. हे सगळं एका मिनिटात, अर्थातच न बोलता. मशीन पळायला लागलं आणि मी स्वतःवर खूश झाले.

अकराला काकी आल्या. गेम मीच लावून दिला आणि फळ्याकडं वळले. तीन डाव झाले असतील. मागं अगदी शांत झालं म्हणून वळून पाहिलं, तर काकी पडद्याकडं नाही, आपल्या हाताकडं बघत होत्या. "गेला म्हनायचा ह्यो हात," त्या म्हणाल्या. पाटी तशीच टाकून निघून गेल्या. मला वाटलं, बरं नसेल. दुसऱ्या दिवशी त्या आल्याच नाहीत. सून सांगायला आली, की काकी बोलत नाहीत, उजवा हात पदराखाली घेऊन बसल्या आहेत.

साताऱ्याहून थेट क्लासमध्ये आलेले सुभेदार ते ऐकून खिडकीजवळ गेले, मशीन चालू केलं. "आता डिलीट दाबतोय," म्हणाले. निळा पडदा आला आणि ते थांबले. त्यांच्या मागं उभी राहून, त्यांचं बोट टेकलं होतं त्या दोन ओळी मी वाचल्या. मशीनला वेग देणाऱ्या दोन कॅश मेमरी असतात. त्या दोन्ही बंद केल्या की नवं मशीन जुन्याइतकं मंद होतं. त्या पडद्यावरची एकेक ओळ बदलत त्यांनी हे शोधून काढलं होतं. रोज अकराच्या आधी ते मशीन हळू करायचे आणि बाराच्या बॅचआधी पुन्हा पळतं करायचे. त्यांचं 'आता हे दाबतोय' माझ्या इतकं अंगवळणी पडलं होतं, की मी ते ऐकूनही ऐकलं नव्हतं. साताऱ्याला जाताना ते आठवणीनं हळू करून गेले होते, आणि मी ते दुरुस्त केलं होतं.

मी काय केलं ते रडत सांगितलं. ते रागावले असते तर बरं झालं असतं. "तुमची काय चूक, मॅडम? रजिस्टरात न्हवतं. घरचं काम म्हून म्या लिवलं न्हाई. चूक माजी." ते घरी गेले आणि काकींना घेऊन आले. काकी खुर्चीत बसल्या, हात पदराखालीच.

सुभेदारांनी त्यांच्यादेखत सगळं मोठ्यानं बोलत केलं. आता डिलीट. आता ही ओळ. आता पहिली बंद. आता दुसरी बंद. काकी ऐकत होत्या.

"म्हंजे इतकं दिस ह्ये तुमी हळू चालवत हुता?"

"व्हय."

"आन मला वाटलं, माजा हात सुदारला."

सुभेदारांनी कीबोर्डवरची बोटं उचलली. मग हळूच म्हणाले, "हात तुजाच सुदारला. म्या नुस्ती वाट बघितली."

काकींनी पदराखालून हात काढून तो कीबोर्डवर ठेवला. "मला दावा. कुटलं बटन त्ये?"

तेव्हापासून मशीन हळू करायचं काम काकीच करू लागल्या, तसंच मोठ्यानं बोलत. सुभेदारांनी घरचं काम पहिल्यांदाच रजिस्टरात लिहिलं आणि वर लाल शाईनं चौकट काढली. तीनेक महिन्यांनी एका सकाळी काकी म्हणाल्या, "आज एकच बंद करते. दुसरं ऱ्हाऊ दे चालू." फळं थोडी वेगानं पडली. बरीच हुकली, काही टोपलीत आली. सुभेदार खिडकीतून बाहेर बघत उभे होते. ते डोळे पुसत होते, हे मी उगीच कशाला लपवू?

पुढच्या उन्हाळ्यात ते गेले. सकाळी पहिली बॅच यायच्या आधी क्लासच्या दारात बुटांची नाडी सोडायला बसले आणि तिथंच भिंतीला टेकले. एक बूट पायात होता. कॉम्प्युटरच्या खोलीत बूट घालून जायचं नाही, हा नियम त्यांनी शेवटपर्यंत पाळला. वडील गेले तेव्हा मी लहान होते. सुभेदार गेले तेव्हा बाप जाणं म्हणजे काय ते मला कळलं.

महिन्याभरानं पेन्शनच्या कागदांसाठी काकींबरोबर मी साताऱ्याला गेले. कारकुनानं अर्ज पुढं केला, काकींच्या हाताकडं पाहिलं आणि सवयीनं शाईचं पॅड सरकवलं. काकींनी ते उजव्या हातानं बाजूला केलं आणि पेन मागितलं.

"आता सौ. लिवत न्हाई," त्या मोठ्यानं म्हणाल्या आणि थांबल्या. कारकून माझ्याकडं बघायला लागला. मला मान वर करवेना. "आता ह लिवते." आणि लिहिला. एकेक अक्षर आधी सांगत, मग काढत, त्यांनी सही पुरी केली. वेळ बराच लागला. मागं रांग होती. मी इतकी वर्षं घाईत जगलेली बाई, पण त्या दिवशी ती सही संपू नये असं वाटत होतं.

लोणंदला उतरल्यावर काकी घरी न जाता माडीवर आल्या. मी रजिस्टर उघडलं, सुभेदारांच्या शेवटच्या नोंदीखाली लिहिलं, 'काकींची सही, सातारा,' आणि पेन त्यांच्या हातात दिलं. त्यांनी आधी मोठ्यानं म्हटलं आणि मग लिहिलं, 'जमलं'.