माणूस समोर पाहिजे

“माणूस समोर पाहिजे,” असं म्हणत आमचे एक वरिष्ठ सहकारी टेबलापलीकडची खुर्ची रुमालाने पुसायचे. आमचं कार्यालय शारजात होतं. सरकारी खाती नोकरीचे नियम पाळतात की नाही, कोणाला नेमतात, कोणाला मुदतवाढ देतात, साठीला कोणाला घरी पाठवतात, हे आम्ही तपासायचो. नोकरी संपणाऱ्याच्या कागदावर शेवटचा शेरा मारण्याआधी हे वसईचे गृहस्थ त्या माणसाला बोलावून घेत, खुर्चीत बसवत, नियम वाचून दाखवत आणि वर चहा पाजत. असं करायला त्यांना कोणी सांगितलं नव्हतं. आम्ही त्यांना तोंडावर अंकल म्हणायचो आणि पाठीमागे यमदूत. तुम्हीही म्हणाला असता.

एकदा एका खात्याचा पठाण ड्रायव्हर झोपेतच गेला. त्याचे कागद आमच्याकडे आले; त्याच्या गाडीची चावी मात्र खात्यात कोणाला सापडत नव्हती. मी म्हटलं, “अंकल, आता कोणाला बोलावणार?”

त्यांनी नेहमीसारखी खुर्ची पुसली. दोन चहा मागवले. रिकाम्या खुर्चीला हिंदीतून सगळा नियम वाचून दाखवला आणि शेवटी विचारलं, “भाई, गाड़ी का चाबी किधर रखा?” थोडा वेळ थांबले, मान हलवली. मग त्या खात्याला फोन लावून म्हणाले, पाण्याच्या कूलरमागे बघा.

चावी तिथेच सापडली. तुम्हाला कसं कळलं, मी विचारलं.

“कसं म्हणजे? विचारलं की,” असं म्हणून त्यांनी दुसरा कप माझ्याकडे सरकवला. तो कप मी तसाच टेबलावर राहू दिला.

पुढे त्यांचीच साठी आली. त्यांची बायको शारजातच वारली होती आणि तिथल्याच दफनभूमीत होती. दर शुक्रवारी, म्हणजे तिकडच्या सुट्टीच्या दिवशी, चर्च आटोपलं की ते तिच्याजवळ जाऊन बसायचे, तिच्याशी बोलायचे. नोकरी संपली की व्हिसा संपणार, मग तिच्याकडे कोण जाणार, या एका काळजीने ते वाळत चालले होते.

आमच्या अरब साहेबांना ते हवेच होते. “हबीबी, एक्स्टेन्शन लिखो, मैं साइन करेगा. खलास,” ते म्हणाले. पण जागेवर दुसरं माणूस तयार नसेल तरच मुदतवाढ, असा नियम. दुसरं माणूस म्हणजे मी. मला शिकवून तयार केलं होतं तेही यांनीच.

“अंकल, हिला काही येत नाही असं लिहा ना. मला नाही राग येणार.”

“येतं तुला, बाय. खोटं कसं लिहू?” मग खालच्या आवाजात म्हणाले, “शुक्रवारी तू जाशील तिच्याकडे?”

मी हो म्हटलं. मला रडू आलं, आणि त्या हट्टी माणसाचा भयंकर रागही आला. ते वसईला गेले.

पहिल्या शुक्रवारी घरचं आवरता आवरता मला उशीर झाला. फुलं ठेवली, पण काय बोलावं सुचेना, म्हणून अंकल सुखरूप पोचले एवढंच तिला सांगितलं. बाहेर पडताना फाटकावरचा मल्याळी राखणदार म्हणाला, “मॅडम, आपका अंकल अभी गया. सुबह से बैठा था.”

त्याची काहीतरी गफलत होत असेल, असं मी स्वतःला समजावलं. तरी घरी येताच मी वसईला फोन लावला. तिकडे कोण उचलेल आणि काय सांगेल, याचीच धास्ती होती.

फोन त्यांनीच उचलला. मी अजून तोंडही उघडलं नव्हतं.

“उशीर केलास, बाय,” ते म्हणाले. “ऊन फार होतं. मग निघालो मी.”

पुढच्या शुक्रवारी मी सकाळीच गेले.