वीस ओळींचा हॉल

पाणसळच्या हॉलमध्ये नवा माणूस शिरला की हमखास ठेचकाळायचा. दारापासून अर्ध्या खोलीपर्यंत उघडं, खडबडीत सिमेंट आणि मग एकदम बोटभर उंचीवर दुधी रंगाची गुळगुळीत फरशी. ती थेट समोरच्या भिंतीपर्यंत. पाहुणा अंगठा चोळत बसला की पाणसळ अभिमानाने सांगायचा, "तुम्हाला लागली ना ठेच, तिथून पुढे घर माझं आहे. अलीकडचं बँकेचं."

पाणसळ हे त्याचं टोपणनाव. फरशी बसवणारा मिस्त्री होता तो, आणि पाणसळ म्हणजे त्याच्या पिशवीतली ती काचेची नळी, जिच्यातला बुडबुडा मधोमध आला की जमीन सपाट आहे असं समजायचं. कुणाकडे चहाला गेला तरी याची नजर आधी जमिनीवर. यजमान बिस्किटं पुढे करतायत आणि हा म्हणतोय, "त्या कोपऱ्यात उतार चुकलाय बघा तुमचा." असल्या माणसाला दुसरं काय नाव पडणार?

पंचवीस वर्षं लोकांच्या घरात गुडघे टेकून काढल्यावर त्याने स्वतःसाठी दोन खोल्या घेतल्या. बायको इस्पितळाच्या लाँड्रीत चादरींच्या घड्या घालायची, तिचा पगार धरून कसंबसं कर्ज बसलं. वीस लाख, वीस वर्षं. घर घ्या म्हणून मागे लागला होता तो मेव्हणा, बायकोचा भाऊ. "भाड्याचे पैसे पाण्यात जातात, भाऊजी. हप्त्याचे पैसे भिंतीत जातात," असं तो म्हणायचा. ऐकायला किती छान! बँकेतल्या हसऱ्या पोरानेही तेच घोळवून सांगितलं. व्याज नऊ टक्के, हप्ता अठरा हजार, तुमच्या भाड्याहून थोडासाच जास्त.

नऊ टक्के म्हटल्यावर पाणसळ निवांतच झाला. त्याच्या धंद्यात शंभर फरश्या लागणार असतील तर एकशे दहा मागवतात. वरच्या दहा कापण्यात आणि तुटण्यात जातात, त्याबद्दल कुणी रडत बसत नाही. बँक तर त्याहूनही एक कमीच मागत होती. वर्षाला नऊ आणि एकदाच नऊ यातला फरक त्याच्या डोक्यातच आला नाही, आणि तो त्याच्या डोक्यात यावा अशी तिथे कुणाची इच्छाही नव्हती. महिन्याचा आकडा त्याला चार जणांनी सांगितला. वीस वर्षांचा आकडा एकानेही सांगितला नाही. अठरा हजार गुणिले दोनशे चाळीस, त्रेचाळीस लाखांच्या वर! एवढा गुणाकार करायला त्या हसऱ्या पोराला किती वेळ लागला असता? पण त्याने पेढे खाल्ल्यासारखं तोंड करून हात मिळवला आणि अभिनंदन केलं.

हॉल मोजला तर लांबी नेमकी वीस फूट निघाली. फुटाफुटाची फरशी, वीस ओळी. वीस वर्षांचं कर्ज. पाणसळला हा हिशोब इतका आवडला की त्याने तिथल्या तिथे ठरवलं, घर जसं आपलं होत जाईल तशी फरशी पडेल. दरवर्षी किल्ली मिळाली त्या तारखेला एक ओळ.

"अहो, लोकांच्या घरी दोन दिवसांत हॉल करून देता, आणि आपल्याला वीस वर्षं?" बायको म्हणाली.

"जे आपलं नाही त्याच्यावर मी फरशी कशाला घालू? बँकेने घालावी."

"बरं झालं, मोठं घर नाही घेतलं. तीस वर्षं सिमेंटवर काढावी लागली असती."

माल मात्र त्याने पहिल्याच दिवशी सगळा आणला. फरशीचा रंग प्रत्येक भट्टीला थोडा बदलतो, एका खोलीचा माल एकाच वेळच्या भट्टीतला हवा, हे त्याचं ठाम मत. वीस ओळींचा माल आणि वर तुटफुटीच्या दोन ओळींचा. खोकी पलंगाखाली गेली. दरवर्षी त्या तारखेला तो सकाळी आंघोळ करून, स्वच्छ कपडे घालून एक ओळ बसवायचा. शेजारचे बघायला यायचे. बायको चहा करायची. सिमेंट आणि फरशीच्या मधोमध अडकलेलं जेवणाचं टेबल दरवर्षी फूटभर पुढे यायचं आणि डुगडुगायचं. त्याच्या पायाखाली घडी करून सारायला बँकेचा वार्षिक कागद बरा पडायचा. आता खरं बोलायचं तर त्या कागदावर सगळं छापलेलं होतं. पण इतक्या बारीक अक्षरात आणि इतक्या रकान्यांत, की ज्याला समजावं म्हणून लिहिलंय त्यालाच समजू नये.

दहाव्या ओळीला गुडघ्यांनी दगा दिला. ओळ बसवून पाणसळ उठायला गेला आणि उठताच येईना. बायकोने काखेत हात घालून उभं केलं. डॉक्टरांनी गुडघ्याचा फोटो उजेडावर धरला आणि विचारलं, "काम काय करता?" ऐकल्यावर म्हणाले, "आता थांबा. अजून दोन-तीन वर्षं असंच टेकून बसलात तर चालणं मुश्किल होईल."

नेमकं त्याच वर्षी सासऱ्यांचं दुकान विकलं गेलं आणि बायकोच्या वाट्याला दहा लाख आले. नवरा-बायकोला वाटलं, देव पावला. दहा वर्षं झाली, म्हणजे अर्धं कर्ज फिटलं. उरलं अर्धं, दहा लाख. ते तोंडावर मारायचे आणि मोकळं व्हायचं. गुडघ्यांना विश्रांती, टाइल्सच्या दुकानात काउंटरवर उभ्याची नोकरी, बास. दुकानदाराशी बोलणंही झालं होतं.

पाणसळ इस्त्रीचा शर्ट घालून एकटाच बँकेत गेला. कर्जखात्यावर एक मॅडम होत्या. तो हसरा पोरगा कधीच बढती घेऊन वर गेला होता.

"सगळं फेडायचंय," पाणसळ म्हणाला. "दहा लाख आणलेत."

मॅडमनी खातं उघडलं. "बाकी चौदा लाख वीस हजार आहे."

"नाही हो. वीस लाखांचं कर्ज, वीस वर्षांचं. दहा झाली. नीट बघा, दुसऱ्या कुणाचं असेल."

"तुमचंच आहे. मुद्दल पाच लाख ऐंशी हजार फिटलंय."

"मी साडेएकवीस लाख भरलेत, मॅडम!" हा गुणाकार त्याने बसमध्ये येताना केला होता, दहा वर्षांत पहिल्यांदा, तोही आनंदाच्या भरात.

"बरोबर आहे. बाकीचं व्याज. सुरुवातीला हप्त्यात व्याजच जास्त असतं ना. वीस लाखांवर वर्षाचे नऊ टक्के म्हणजे महिन्याला पंधरा हजार. तुमच्या पहिल्या अठरा हजारांतले पंधरा व्याजात गेले, तीन मुद्दलात. मुद्दल कमी होईल तसं व्याज हळूहळू कमी होतं. सगळीकडे असंच असतं."

सगळीकडे असंच असतं! या वाक्याइतकं संताप आणणारं वाक्य नाही. सगळीकडे असतं तर सगळीकडे आधी सांगा की! अठरातले पंधरा तुमचे आणि तीन माझे, हे दारात पाटी लावून लिहा. मग भाड्याचे पैसे कुठे जातात आणि हप्त्याचे कुठे, ते ज्याचं त्याला कळेल. पाणसळने हे सगळं तिथेच बोलायला हवं होतं. पण तो एवढंच म्हणाला, "मी दहा ओळी घातल्यात." मॅडमना वाटलं, तो कसल्या तरी अर्जातल्या ओळींबद्दल बोलतोय.

घरी आल्यावर त्याने शर्ट काढून खुंटीला लावला, छन्नी-हातोडी घेतली आणि दहाव्या ओळीच्या कडेला घाव घातला.

लाँड्रीतून बायको परतली तेव्हा दहावी आणि नववी ओळ उखडून झाली होती. नवरा धुळीने पांढराफटक झाला होता, गुडघे टेकून आठवीवर घाव घालत होता.

"अहो, वेड लागलंय का तुम्हाला?"

"लाखाला एक ओळ धरली तर सहाच ओळी आपल्या आहेत. चार खोट्या घातल्या. बँकेने सांगितलं."

त्याने सगळा प्रकार सांगितला. ती पिशवी खाली टाकून सरळ सातव्या ओळीवर जाऊन बसली. "मारा आता हातोडी."

"ऊठ."

"नाही उठत. बँकेने लुबाडलं म्हणून तुम्ही माझा हॉल फोडणार? त्या बाईच्या टेबलावर का नाही मारलात घाव? तिथे गप्प बसलात आणि इथे मर्दुमकी दाखवताय!"

हे मात्र वर्मी लागलं. पाणसळने हातोडी खाली ठेवली. पण सातवी ओळ वाचली तरी तीन ओळी गेल्याच होत्या. चिकटलेली फरशी उखडली की फुटते, हे त्याच्याइतकं कुणाला ठाऊक? रागात तेवढं विसरला. तुटफुटीसाठी ठेवलेल्या दोन ओळी त्यात खर्ची पडणार आणि वर एका ओळीचा तुटवडा. त्या भट्टीतला माल तर केव्हाच बंद झाला होता.

दुसऱ्या दिवशी दोघं मिळून बँकेत गेले. मॅडम आज जास्तच गोड होत्या. दहा लाख भरा, म्हणाल्या, उरतील चार लाख वीस हजार. मुदत तीच दहा वर्षं ठेवू, हप्ता एकदम खाली येईल, पाच हजार तीनशे. "काकांनी आता आराम करावा," त्या म्हणाल्या. पाणसळचा जीव क्षणभर थंडावला. पाच हजार तीनशे तर काउंटरवर उभं राहूनही सुटले असते.

"आणि एकूण किती होतात?" बायकोने विचारलं.

"एकूण म्हणजे?"

"दहा वर्षांचे मिळून. आधी कुणी सांगितलं नव्हतं, म्हणून आता विचारतेय."

मॅडमनी नाइलाजाने यंत्रावर बोटं मारली. सहा लाख अडतीस हजार. म्हणजे चार लाख वीस हजारांसाठी वर दोन लाखांहून जास्त.

"आणि हप्ता अठराच ठेवला तर?"

"मग सव्वीस महिन्यांत संपेल. व्याज चाळीसेक हजार जाईल. पण काकांना झेपेल का?"

झेपेल का! दहा वर्षं झेपतंय का विचारलं नाही, आणि आज जिथे बँकेचं नुकसान दिसलं तिथे एकदम काकांची काळजी. पाणसळने खुर्ची पुढे ओढली. "अठराच ठेवा," तो म्हणाला.

"अहो, गुडघे," बायको हळूच म्हणाली.

"यांना दोन लाख आणखी देऊ? एक दमडी जास्त देणार नाही."

"मी दोन लाखांचं नाही बोलत. तुमच्या पायांचं बोलतेय. त्याचं एकूण कोण सांगणार?"

त्याचं एकूण मॅडमच्या यंत्रात नव्हतं. आणि खरी चीड याचीच येते. दोन्ही वाटा बँकेनेच आखलेल्या. एका वाटेला पैसे जातात, दुसरीला पाय जातात, आणि निवड तुमची म्हणून बँक हात झटकून मोकळी! पाणसळने सही केली. परतीच्या बसमध्ये बायको त्याला सोडून पुढच्या सीटवर जाऊन बसली.

त्या आठवड्यात त्याने फिटलेल्या मुद्दलाच्या हिशोबाप्रमाणे सोळाव्या ओळीपर्यंत फरशी नेली. काउंटरची नोकरी दुसऱ्याला मिळाली. मग सव्वीस महिने पाणसळ गुडघ्यांना जाड फोम बांधून लोकांच्या न्हाणीघरांत आणि जिन्यांत रांगला. संध्याकाळी बायको गरम पाण्याच्या पिशव्या ठेवायची आणि बडबडायची. कधी बँकेला, बहुतेक वेळा त्याला. शेवटच्या काही महिन्यांत तो जिना बसून बसून उतरायचा. शेवटचा हप्ता गेला त्या दिवशी बँकेने फोनवर संदेश पाठवला, अभिनंदन, आणि खाली नव्या कर्जाची जाहिरात.

चार ओळी राहिल्या होत्या, दाराजवळच्या. पाणसळला आता जमिनीवर बसताच येत नव्हतं. दुसरा मिस्त्री आणायला तो तयार होईना. शेवटी बायकोने पदर खोचला, गुडघे टेकले, आणि तो खुर्चीवर बसून तिच्यावर ओरडत राहिला. "सिमेंटचा मसाला सारखा पसर! ठोक, ठोक, पण हलक्या हाताने! अगं, चादर घालतेयस का?"

"चादरच घालते आयुष्यभर. गप्प बसा, नाहीतर उठून या."

तीन ओळी पलंगाखालच्या खोक्यांतून निघाल्या. दाराला लागून असलेली शेवटची ओळ लोकांच्या घरांतल्या उरल्यासुरल्या तुकड्यांची झाली. एक निळा, एक तपकिरी, एक कुणाच्या तरी देवघरातला फुलांचा. मधली एक फरशी कोपऱ्यात किंचित वर राहिली. बायकोने घाम पुसत त्याच्या पिशवीतली काचेची पाणसळ वर ठेवून पाहिली. बुडबुडा एका बाजूला पळाला.

"काढून परत लावू का?" तिने विचारलं.

आयुष्यात त्याने असली फरशी कुणाच्या घरी राहू दिली नव्हती. त्याने एकदा बुडबुड्याकडे आणि एकदा तिच्या टेकलेल्या गुडघ्यांकडे पाहिलं. मग म्हणाला, "राहू दे. ऊठ आता, तुझे तरी सांभाळ."

पुढच्या रविवारी मेव्हणा आला तो दारातच ठेचकाळला. "भाऊजी, तुमच्या घरात हे असलं काम? आणि झालं ना एकदाचं सगळं? म्हटलं होतं की नाही मी, हप्त्याचे पैसे भिंतीत जातात! शेवटी कितीला पडलं हो?"

पाणसळने खुर्चीच्या कडेला टेकवलेली काठी उगाच जवळ ओढली.

"कर्ज वीसचं होतं," तो म्हणाला. "भरले छत्तीस. गुडघे वेगळे."