जप्तीतल्या जीपचे मामा

जीपवाले मामा ठाण्यात यायचे ते भेटीला, आणि भेट कुणाची, तर स्वतःच्याच जप्त झालेल्या जीपची. डोक्याला पटका, हातात ओला फडका, आणि फाटकातूनच आरोळी, "जमादार, कशी हाय आमची?" जणू आम्ही दवाखानाच चालवत होतो! ठाण्याचा मुद्देमाल मी सांभाळायचो. पोलिसांनी जप्त केलेली मोडकी सायकल असो की ट्रक, सगळं माझ्या गळ्यात. जप्त गाडीला मालकानं हात लावायचा नाही, असा नियम. मग मामा कडुलिंबाखाली बसून मला म्हणायचे, "तेवढी काच पुसा की वो. तिला दिसंना झालंय." आणि मी अंगावरच्या वर्दीसकट लोकाच्या जीपची काच पुसायचो. ठाण्यातले हसायचे. हसेनात का!

हिंगोली नवा जिल्हा झाला, त्यानंतरच्या वर्षांतली ही गोष्ट. मामा सिद्धेश्वरकडच्या तांड्यावरचे. मामी कधीच गेल्या होत्या, लेकरूबाळ नव्हतं. दिवाळी झाली की अख्खा तांडा ऊसतोडीला निघून जायचा आणि मामा मागे उरायचे. पण जीप होती तोवर त्यांचं काही अडत नव्हतं. जवळा बाजार ते शिरड शहापूर दिवसभर फेऱ्या. कुणाच्या सुनेला दिवस गेलेत, कुणाचा जावई रुसलाय, सगळं त्यांना स्टेअरिंगवर बसल्या बसल्या कळायचं. "शिटा भरल्या की घर भरल्यावानी वाटतं," असं ते म्हणायचे.

त्यांचा एक रिवाज होता. बाजाराच्या दिवशी कुणी टपावर गठुडं टाकलं, तर मामा दोर आवळून देत, पण आत काय आहे हे विचारत नसत. "एखादी माय लेकीसाठी लपवून कायबाय नेत आसती. आपुन काहून इचारावं?" ह्याच रिवाजानं त्यांचा घात केला. एका बाजारी कुणा अनोळखी माणसानं दोन पोती टपावर टाकली. वाटेत पोलिसांनी जीप अडवली, तसा तो उडी मारून पसार झाला. पोत्यांत गांजा निघाला. मामांना अटक झाली. पुढे ते जामिनावर सुटले, पण जीप आमच्या आवारात अडकली.

खटला संपेपर्यंत जीप तात्पुरती ताब्यात मिळावी, म्हणून मामांच्या वकिलांनी अर्ज केला. गांजाच्या गुन्ह्यातली गाडी, ती सरकारजमा व्हायची, असं म्हणून खालच्या कोर्टानं तो फेटाळला. वकील वरच्या कोर्टात गेले. तिकडे तारखा पडत राहिल्या आणि इकडे जीपचे टायर बसले, चाकांच्या वर गवत आलं. बोनेटखाली मुंगसानं बिऱ्हाड थाटलं. मी काठी घेऊन निघालो, तर मामा म्हणाले, "राहू द्या जमादार. रातच्याला तेवढीच सोबत हाय तिला."

दसऱ्याला ते झेंडूचा हार घेऊन आले. नियम त्यांना पाठ झाला होता. त्यांनी हार माझ्या हातात दिला आणि लांबूनच हात जोडून उभे राहिले. मी हार घातला, नारळ फोडला. पोरांच्या शाळेपायी माझी बायको लातूरला राहायची. तो सण मी आणि मामांनी कडुलिंबाखाली, एका नारळावर साजरा केला.

शेवटी वरच्या कोर्टाचा हुकूम आला. जीप ठाण्यात सडवून कुणाचंच भलं होत नाही, म्हणून ती मामांच्या ताब्यात द्यावी. अटी मी वाचून दाखवल्या. विकायची नाही, रंग बदलायचा नाही, बोलावलं की हजर करायची. पुन्हा असला माल सापडला, तर मात्र ती कायमची गेली. ही शेवटची अट मामांनी परत वाचायला लावली. मग ट्रॅक्टरला बांधून त्यांनी जीप नेली. मला आनंद झाला, खोटं कशाला बोलू! पण दुसऱ्या दिवशी फाटकातून आरोळी आली नाही आणि मला चहासुद्धा गोड लागेना.

काही महिन्यांनी माझी बदली झाली. ट्रंक घेऊन मी जवळा बाजारच्या स्टँडवर आलो. बाकीच्या जीपा ठासून भरलेल्या, माणसं मागे लोंबकळताहेत, आणि मामांची जीप धुऊनपुसून लख्ख, पण रिकामी. पानटपरीवाल्यानं सांगितलं, "म्हातारा सगळ्यांचे गठुडे सोडून पाहून राहिला ना साहेब. बायामाणसाला बराबर वाटत न्हाई. कोण बसंल?"

मी ट्रंक टपावर चढवायला गेलो, तर मामांनी माझा हात धरला. "जमादार, उघडून दावता का?" आधी मला चेष्टा वाटली. पण ते माझा हात सोडेनात. मी ट्रंक उघडली. मामांनी माझी घडी केलेली वर्दी उचलली, खाली चाचपून पाहिलं आणि जशीच्या तशी परत ठेवली.

"लई तकलीफ दिली," ते मान खाली घालून म्हणाले. "पर ती पुन्हा गेली, तर मी न्हाई जगायचो."

"बराबर केलंत, मामा."

अजून कुणी येतंय का, म्हणून आम्ही बराच वेळ थांबलो. कुणी आलं नाही. मी सवयीनं मागच्या शिटावर चढू लागलो, तसं मामांनी पुढचं दार उघडलं.

"इथं माझ्याशी बोलत बसा, जमादार," ते म्हणाले. "आरशात निस्त्या मोकळ्या शिटा दिसत्यात. माझ्याच्यानं बघवत न्हाई."